गेम जुना, डबा नवा

पंचवीस वर्षांपूर्वीची गेमबॉयची कॅसेट आजच्या मशीनवर चालते का? चालते. पण तिच्यात नेमकं कोण भेटेल, हे आधी सांगता येत नाही!

आमची बिल्डिंग रीडेव्हलपमेंटला गेली आणि आईने फर्मान काढलं, "या शनिवारी माळा रिकामा झाला पाहिजे. तुझं काय ते तू बघ, नाहीतर भंगारवाला बघेल." डोंबिवलीच्या वन-रूम-किचनमधला माळा म्हणजे काय चीज असते, हे ज्यांनी उपसलाय त्यांनाच कळेल. आजीचा पितळी बंब, दादाचा ड्रॉइंग बोर्ड, दोन तुटके आकाशकंदील, कुणाच्या तरी लग्नातले न उघडलेले लेमन सेट... आणि सगळ्यात मागे, चपलांच्या खोक्यात, जुन्या टॉवेलमध्ये गुंडाळलेला माझा (खरं तर आमचा) गेमबॉय कलर!

जांभळा, पारदर्शक. आतलं सर्किट दिसायचं म्हणून तेव्हा तो जगातला सगळ्यात भारी वाटायचा. १९९९च्या दिवाळीत मामाने मस्कतहून आणला होता. तेव्हा आमच्या बिल्डिंगमध्ये व्हिडीओ गेम म्हणजे एक तर टीव्हीला जोडायचा डबा, नाहीतर फुटपाथवर मिळणारा विटा रचायचा ब्रिक गेम. हातात मावणारा, रंगीत आणि कॅसेट बदलता येणारा गेम फक्त आमच्याकडे. (इंग्रजीत कार्ट्रिज म्हणतात. आम्ही कॅसेटच म्हणायचो, अजूनही तेच म्हणणार.) पंधरा दिवस आमचा भाव काय वाढला होता म्हणून सांगू!

मी घाईघाईने मागचं झाकण उघडलं आणि तोंड वाकडं झालं. सेल आतच राहिले होते. दोन्ही फुटून त्यातलं पाणी बाहेर आलेलं, स्प्रिंगांवर पांढरा-हिरवा थर. मशीन खल्लास. पण मागच्या खाचेत कॅसेट होती. लाल रंगाची, पोकेमॉन रेड. तिला काही झालेलं नव्हतं.

आता इथे एक कौटुंबिक तंटा सांगणं भाग आहे. पोकेमॉन रेडमध्ये एका वेळी एकच गेम सेव्ह होतो. एकच! दुसऱ्याने 'न्यू गेम' सुरू करून सेव्ह केलं की पहिल्याचा खेळ पुसला गेला. मशीन एक, कॅसेट एक आणि भावंडं दोन, म्हणजे युद्ध ठरलेलंच. २००१च्या मे महिन्यात मी मावशीकडे गेले असताना दादाने माझा गेम उडवून स्वतःचा सुरू केला. तीन बॅज मिळवले होते हो मी! वर कहर म्हणजे, त्याच्या गेममध्ये पाचशे रुपयांना (म्हणजे तिथल्या पैशात) मॅजिकार्प नावाचा मासा मिळतो, तो विकत घेऊन त्याचं नाव त्याने 'चिंगी' ठेवलं. चिंगी म्हणजे मी. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, मॅजिकार्प हा त्या आख्ख्या खेळातला सगळ्यात बिनकामाचा प्राणी. त्याला लढता येत नाही, तो नुसता जागच्या जागी उड्या मारतो. "अगदी तुझ्यासारखा," असं दादा म्हणाला. मी तीन दिवस जेवले नाही, असं आई सांगते. (एक दिवस असेल.) त्यानंतर मी त्या गेमबॉयला हात लावला नाही. २००३मध्ये दादा इंजिनीअरिंगला हॉस्टेलवर गेला आणि गेमबॉय माळ्यावर.

असो. कॅसेट हातात, मशीन मेलेलं. तर मग नवीन मशीनवर चालवू, त्यात काय? असं मला वाटलं.

माझ्याकडे एक डीएस लाइट आहे. पहिल्या नोकरीच्या पहिल्या बोनसमधून मित्राकडून सेकंडहॅण्ड घेतलेला. २००६चं हे मॉडेल. खालच्या बाजूला एक मोठी खाच आहे, तिच्यात जुन्या गेमबॉय अॅडव्हान्सच्या कॅसेट चालतात. मी लाल कॅसेट त्या खाचेला लावली. आत जाईचना. थोडा जोर लावला, मग भीती वाटली. शेवटी दोन्ही कॅसेट शेजारी ठेवून पाहिल्या तेव्हा ट्यूब पेटली. अॅडव्हान्सची कॅसेट रुंदीला तेवढीच, पण उंचीला जवळपास निम्मी. गेमबॉयची कॅसेट म्हणजे तिची धिप्पाड ताई.

मग रात्री दोनपर्यंत वाचत बसले. (दुसऱ्या दिवशी अप्रेझल मीटिंग होती. ती कशी झाली ते विचारू नका.) कळलं ते असं. १९८९चा पहिला गेमबॉय, १९९८चा गेमबॉय कलर आणि २००१चा गेमबॉय अॅडव्हान्स या तिन्हींवर जुन्या कॅसेट चालतात. अॅडव्हान्सचा स्वतःचा मेंदू नवा होता, पण निन्टेन्डोने त्याच्या पोटात जुना मेंदूही ठेवून दिला. खाचेत एक इवलंसं बटण असतं. जुन्या कॅसेटच्या अंगाने ते दाबलं जातं आणि मशीनला कळतं की पाहुणी माहेरची आहे. मग ते जुन्या चिपवर जातं आणि कॅसेटला ३.३ऐवजी ५ व्होल्ट देतं. २००४मध्ये डीएस आला तेव्हा हा जुना मेंदू काढून टाकला. अॅडव्हान्सचे गेम चालतील, त्याआधीचे नाहीत. २००८च्या डीएसआयमध्ये तर ती मोठी खाचच गेली. प्रत्येक पिढी एक पिढी मागचं ओळखते, आजीला ओळखत नाही. आपल्याकडेही हेच चालू आहे म्हणा.

त्या निमित्ताने डीएस लाइटवर माझ्याकडचे अॅडव्हान्सचे दोन गेम पुन्हा काढले आणि एक मजेशीर गोष्ट लक्षात आली. दोन्ही कॅसलव्हेनिया. पहिला 'सर्कल ऑफ द मून', अॅडव्हान्सबरोबर २००१मध्ये आलेला. त्या मशीनच्या स्क्रीनला स्वतःचा उजेड नव्हता, त्यात हा गेम गडद, वाड्यातल्या अंधारात घडणारा. लोकांनी बोंब मारली, काही दिसतच नाही! म्हणून २००२च्या 'हार्मनी ऑफ डिसोनन्स'मध्ये रंग मुद्दाम भडक केले आणि हिरोभोवती निळी कडा फिरवली. आता डीएस लाइटच्या लख्ख स्क्रीनवर काय झालंय? ज्याला नावं ठेवली तो पहिला गेम झकास दिसतो आणि दुरुस्त केलेला दुसरा लग्नाच्या बॅण्डवाल्यांच्या ड्रेससारखा! जुना गेम नव्या मशीनवर टाकला की चांगलाच दिसतो असं नाही. तो ज्या स्क्रीनसाठी शिवला होता, त्या स्क्रीनचं माप त्याच्या अंगात असतं.

बाय द वे, हातातल्या गेमचा सगळा उद्योग आपल्यासारख्याच एका कंटाळलेल्या नोकरदारामुळे सुरू झाला हे माहितीये? निन्टेन्डोचे डिझायनर गुनपेई योकोई यांनी बुलेट ट्रेनमध्ये एका माणसाला वेळ घालवायला कॅल्क्युलेटरची बटणं दाबत बसलेलं पाहिलं. त्यातून १९८०मध्ये 'गेम अॅण्ड वॉच' आला आणि पुढे त्यांच्याच टीमने गेमबॉय केला. योकोईंचं तत्त्वच होतं की, जुनं झालेलं, स्वस्त झालेलं, पुरतं माहितीतलं तंत्र घ्यायचं आणि ते वेगळ्या कामाला लावायचं. म्हणून गेमबॉयला रंग नव्हते, हिरवट पडद्यावर चार छटा. आतून लाइट नव्हता. त्याच सुमाराचे अटारी लिंक्स आणि सेगा गेम गिअर रंगीत होते, उजळ होते आणि सहा-सहा सेल काही तासांत फस्त करायचे. गेमबॉय चार सेलवर आरामात पंधरा तास काढायचा. कोण जिंकलं ते आपल्याला माहीत आहे. गेमबॉय आणि गेमबॉय कलर मिळून ११ कोटी ८० लाखांच्या वर विकले गेले. योकोई १९९७मध्ये रस्ते अपघातात गेले. सकाळी ८.१४च्या डोंबिवली फास्टमध्ये उभं राहून मी जेव्हा जेव्हा काही खेळते, तेव्हा तो कॅल्क्युलेटरवाला डोळ्यांसमोर येतो. निदान त्याला बसायला जागा होती!

तर माझ्या लाल कॅसेटचं काय? उत्तर ऑफिसात मिळालं. आमच्या टीममधला एक जण (टेस्टिंगवाला, डब्यात रोज भेंडी) ऑनसाइटवरून परतताना अॅनालॉग पॉकेट घेऊन आला होता. हे मशीन निन्टेन्डोचं नाही. २०२१च्या डिसेंबरात बाजारात आलं. दिसायला गेमबॉयसारखंच, पण आत एफपीजीए नावाची चिप. साध्या भाषेत सांगायचं तर, फोनवरचं इम्युलेटर हे जुन्या मशीनची सॉफ्टवेअरने केलेली नक्कल असते, तर ही चिप आपल्या आतल्या जोडण्या बदलून जुन्या सर्किटसारखी वागायला लागते. मुख्य म्हणजे तिला खरी कॅसेट लावता येते, गेमबॉयची, कलरची, अॅडव्हान्सचीही.

आणि स्क्रीन! गेमबॉयचा पडदा १६० बाय १४४ ठिपक्यांचा. पॉकेटचा १६०० बाय १४४०. बरोबर दहा पट. याने काय फरक पडतो? ठिपक्यांची रांगोळी आठवा. दोन ठिपक्यांमधलं अंतर बरोबर दुप्पट केलं तर रांगोळी मोठी होते, बिघडत नाही. पण पावणेदोन पट करा म्हटलं तर ठिपके कुठेतरी मधेच पडतात आणि कमळाचं वांगं होतं. २०११च्या थ्रीडीएसवर जुने गेम विकत मिळायचे, तेव्हा हाच घोळ होता. वरच्या स्क्रीनची उंची २४० ठिपके, म्हणजे १४४च्या दीडपटीहून थोडी जास्त. चित्र पसरट, मऊ दिसायचं. जाणकार मंडळी गेम सुरू होताना स्टार्ट किंवा सिलेक्ट दाबून धरायची, मग चित्र लहान पण नेटकं यायचं. (ते ऑनलाइन दुकानही मार्च २०२३मध्ये बंद झालं.) गेमबॉय अॅडव्हान्सवर तर एल आणि आर बटणांनी चित्र आडवं ताणता येतं. मारिओ दिवाळीच्या सुट्टीत आजोळी राहून आल्यासारखा सुटतो.

गंमत अशी की, एवढी महागडी स्क्रीन घेऊन पॉकेटवाले करतात काय? मेनूत जाऊन जुन्या गेमबॉयचा तो मळका हिरवा पडदा निवडतात, ठिपक्यांमधल्या बारीक रेषांसकट! मी हसले तर टेस्टिंगवाला गंभीर झाला. म्हणाला, "अगं, काही गेममध्ये एखादी गोष्ट पारदर्शक दाखवायला ती एका फ्रेममध्ये दाखवायची आणि दुसऱ्यात लपवायची. जुना पडदा इतका स्लो होता की दोन्ही एकमेकांत मिसळायचं. फास्ट स्क्रीनवर ते नुसतं लुकलुकतं. बग नाहीये तो, डिझाइन आहे." टेस्टिंगवाल्याने एखाद्या गोष्टीला बग नाही म्हणणं, हे आमच्या ऑफिसात पहिल्यांदाच घडलं असावं.

लंच अवरमध्ये कॅन्टीनच्या कोपऱ्यात मी कॅसेट त्याच्या पॉकेटमध्ये घातली. पहिल्यांदा काहीच नाही. काढली, इअरबडला थोडं स्पिरिट लावून पितळी टोकं पुसली. (लहानपणी फुंकर मारायचो ना, ती मारू नका, वाफेने टोकं गंजतात.) पुन्हा घातली. म्युझिक सुरू झालं आणि पोटात काहीतरी हललं. मग मेनू आला. सेव्ह नसेल तर त्यात वर 'न्यू गेम' असतं. सेव्ह असेल तर त्याच्याही वर 'कन्टिन्यू'.

'कन्टिन्यू' होतं.

नाव, डी-ए-डी-ए. बॅज, सात. वेळ, ९४ तास. चौऱ्याण्णव तास! बारावीच्या वर्षी हा नक्की काय करत होता, ते आईला आता कळून काय उपयोग. मी आत गेले, त्याची टीम उघडली. सहा पोकेमॉन. दुसऱ्या नंबरावर नाव होतं 'चिंगी'. लेव्हल ५१. आणि तो मासा नव्हता. तो ग्याराडोस होता.

ज्यांनी खेळलंय ते इथे थांबले असतील. बाकीच्यांसाठी सांगते. मॅजिकार्प विसाव्या लेव्हलला गेला की त्याचा ग्याराडोस होतो, निळा, प्रचंड, त्या गेममधल्या दांडगट मंडळींपैकी एक. आधी ठेवलेलं नाव तेच राहतं. पण त्या विसाव्या लेव्हलपर्यंत त्याला न्यायचा कसा? त्याला स्वतःला लढता येत नाही. मग प्रत्येक लढाईत त्याला पुढे उभं करायचं, लगेच मागे घ्यायचं, दुसऱ्याला लढवायचं, म्हणजे अनुभवाचा वाटा त्यालाही मिळतो. एकदा नाही, दहादा नाही, शेकडो वेळा. पाचव्या लेव्हलपासून विसाव्यापर्यंत. पंधरा वर्षांचा, जरा कशाने चिडणारा, मला 'बिनकामाची' म्हणणारा मुलगा रात्री पांघरुणात टॉर्च लावून हे करत बसला होता. मला त्याने हे कधी सांगितलं नाही. मी विचारलंही नव्हतं. मी तर त्याच्याशी त्या गेमबद्दल बोलणंच सोडलं होतं.

टेस्टिंगवाल्याने विचारलं, "डोळ्यांत काय गेलं?" मी म्हटलं, भेंडी.

तोच मग म्हणाला, "बॅटरी कधी बदललीय?" कसली बॅटरी? तर या कॅसेटमध्ये एक गोल सेल असतो, घड्याळात असतो तसा. सेव्ह केलेला खेळ ज्या मेमरीत असतो ती मेमरी त्या सेलवर जिवंत राहते. सेल संपला की सेव्ह संपला. माझ्या कॅसेटमधला सेल पंचवीस वर्षांचा होता, कधीही जाऊ शकला असता. आणि नवीन बसवायला जुना काढला तरी सेव्ह जातोच! म्हणजे धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं. (तुमच्याकडे अॅडव्हान्सचे पोकेमॉन रुबी किंवा सफायर असतील आणि 'बॅटरी संपली' असा मेसेज येत असेल तर घाबरू नका. त्यात सेल फक्त घड्याळासाठी आहे, सेव्ह वेगळ्या मेमरीत असतो.)

हे सगळं कळायच्या आधी मी एक मूर्खपणा करता करता वाचले होते, तेही कबूल करते. कॅसेट चालते का बघायला म्हणून मी लॅमिंग्टन रोडला एका दुकानात गेले होते. काउंटरवरचा मुलगा चुणचुणीत. कॅसेटच्या वेगळ्याच स्क्रूसाठी त्याच्याकडे बरोबर पान्हाही निघाला. उघडून म्हणाला, "ताई, सेल जुना झालाय, बदलून देतो, पाच मिनिटं." सोल्डरिंग गन तापत ठेवलीसुद्धा. तेवढ्यात ऑफिसातून फोन आला, सर्व्हर डाऊन, ताबडतोब ये. मी वैतागून कॅसेट बंद करून घेतली आणि निघाले. सर्व्हर डाऊन झाल्याबद्दल मी आयुष्यात पहिल्यांदाच देवाचे आभार मानलेत.

उपाय शेवटी साधा निघाला. कॅसेट वाचणारा एक छोटा रीडर मिळतो, तो यूएसबीने लॅपटॉपला जोडायचा. आधी सेव्हची कॉपी लॅपटॉपवर, मग सेल बदलायचा, मग तीच कॉपी परत कॅसेटमध्ये. आम्ही शनिवारी टेस्टिंगवाल्याच्या घरी हे केलं. कॉपी व्हायला काही सेकंद लागले. फाइल केवढी? ३२ केबी. आमच्या फॅमिली ग्रुपवर रोज सकाळी येणारा गुलाबाचा फोटो याहून मोठा असतो. दादाचे चौऱ्याण्णव तास, सात बॅज आणि मी, सगळं त्यात. मी ती फाइल लॅपटॉपवर, पेन ड्राइव्हवर आणि स्वतःला ईमेल करून, तीन ठिकाणी ठेवली. मग नवा सेल बसवला. (पत्र्याची पायं जोडलेला सेल घ्या, साध्या सेलवर थेट सोल्डर करू नका.) सेव्ह परत टाकला. 'कन्टिन्यू' आलं, तेव्हा कुठे श्वास सोडला.

पॉकेट मला परवडणारा नव्हता, दोनशे डॉलरच्या पुढे आणि वर कस्टम. मी सेकंडहॅण्ड गेमबॉय अॅडव्हान्स एसपी घेतला. २००३चं, घडीचं मॉडेल, स्क्रीनला लाइट, चार्जिंगची बॅटरी. जुनी कॅसेट खालून अर्धी बाहेर डोकावते, पण चालते फर्स्ट क्लास. तुम्हीही शोधणार असाल तर सांभाळून. कॅसेटमध्ये नकली माल भरपूर आहे, आणि नकलीत सेव्ह कधी दगा देईल सांगता येत नाही. नुसते गेमच खेळायचे असतील तर एवढा खटाटोप नकोच. निन्टेन्डोने फेब्रुवारी २०२३पासून स्विचच्या मेंबरशिपमध्ये गेमबॉयचे गेम द्यायला सुरुवात केली. टेट्रिस आहे, झेल्डा आहे, मस्त चालतात. पण तिथे तुमच्या दादाने वाढवलेला मासा मिळत नाही.

दादा मेलबर्नला असतो. रविवारी व्हिडीओ कॉलवर मी काही न बोलता एसपीची स्क्रीन कॅमेऱ्यासमोर धरली. तो बराच वेळ बघत राहिला. मग म्हणाला, "एवढी वर्षं सेव्ह टिकला?" मी म्हटलं, "चिंगी पण टिकली." तो कान खाजवायला लागला. ही त्याची जुनी सवय, पकडला गेला की कान. "अगं, ती तू इतकी रडलीस ना तेव्हा... जाऊ दे. आठवा बॅज राहिलाय ना? व्हिरिडियनचा?"

"हो. घेऊ का मी?"

"हात लावू नकोस! दिवाळीत येतोय मी."

आईने मागून विचारलं, हे दोघं कशावरून भांडतायत.

एसपी आता माझ्या ऑफिसच्या बॅगेत असतो. गाडी ठाण्याला थांबेपर्यंत खेळते. चिंगीला पुढे करते, दोन-चार लढाया जिंकते. आणि ठाणं आलं की तशीच बंद करते. सेव्ह नाही करत.